घुंगरू वाजलं की उठायचं

चि. ओंकारास अनेक आशीर्वाद.

फोटो मिळाला. कुत्र्याचं पिल्लू गोड आहे. मागे पसरलेली वर्तमानपत्रं आणि वहिनीचा चेहराही दिसला. ‘कितीदा सांगितलं तरी मुद्दाम घरातच शू करतो’ असं तू लिहितोस. तीन महिन्यांचं पिल्लू मुद्दाम काही करत नाही रे. या वयात ते फार तर तीन-चार तास धरू शकतं, तेही झोपेत. जागं असलं की तासा-दीड तासाला बाहेर न्यावंच लागतं. झोपून उठल्यावर, खाल्ल्यावर आणि दंगा थांबल्यावर तर वाटच बघायची नाही, उचलायचं आणि निघायचं.

आणि सांगत तर ते आत्ताही असतं. खेळता खेळता एकदम थांबतं, नाक फरशीला लावून गोल फिरतं, सोफ्यामागे जातं. तेव्हा तुझं डोकं मोबाइलमध्ये असतं. या खुणा आधी तुला दिसू देत, मग आपल्याला हवी ती खूण त्याला शिकवू.

त्यासाठी घुंगरू आण. बैलांची जाडजूड माळ नको, आवाजाला बिचकेल. गिळता येतील इतकी बारीकही नकोत. दोन-चार घुंगरं पक्क्या दोरीत ओव आणि आधी हातात धरून त्याच्या नाकासमोर ने. ते हुंगणारच. आवाज झाला की लगेच उकडलेल्या चिकनचा कण, वहिनीला चालत नसेल तर पनीरचा. भीड चेपली की माळ दाराला त्याच्या नाकाच्या उंचीवर बांध. यापुढे बाहेर नेताना दर वेळी आधी घुंगरू वाजवायला लावायचं, वाजलं की दार उघडायचं. खाऊ मात्र आता खाली, शू झाल्या झाल्या, तिथल्या तिथे. घरी येऊन दिलास तर तो कशाबद्दल मिळाला हे त्याला कळत नाही.

पाव्हलॉव्हच्या प्रयोगात माणूस आवाज करायचा आणि कुत्र्याच्या तोंडाला पाणी सुटायचं. इथे वाजवणार कुत्रा आणि पळणार तू! ते पहिल्यांदा आपणहून वाजवेल तेव्हा मॅचची शेवटची ओव्हर चालू असली तरी उठ. वाजवूनही कोणी येत नाही असं झालं की त्या घुंगराचं खेळणं होतं.

पुढे ते लबाडीही करेल, नुसतं फिरायला वाजवेल. तेव्हा पट्टा लावून ठरलेल्या जागी न्यायचं, पाच मिनिटं गप्प उभं राहायचं. नाही केली तर वर. केली तर मात्र लगेच परतू नकोस. बरेच जण इथेच चुकतात: शू झाली की वर. मग शू केली की मजा संपते हे कुत्रं ओळखतं आणि धरून ठेवू लागतं. फिरणं हे काम झाल्यावरचं बक्षीस असू दे. अर्थात लसी पूर्ण होईपर्यंत, म्हणजे साधारण चार महिन्यांचं होईपर्यंत, रस्त्यावरची कुत्री येतात तिथे त्याला जमिनीवर सोडू नकोस, पार्व्होच्या संसर्गाची भीती असते. लिफ्टमध्ये कडेवरच घे. चार मजले उतरेपर्यंत त्याला धरवत नाही.

घरात झालीच तर मारायचं नाही, नाक घासायचं नाही. त्याने ते एवढंच शिकतं की तुझ्यासमोर शू करायची नसते. मग ते पलंगाखाली जाऊन करणार आणि बाहेर तुझ्यासोबत गेलं तरी करणार नाही. पुसायला नुसतं फिनाइल पुरत नाही. आपल्याला स्वच्छ वाटतं, त्याच्या नाकाला जुना वास येतोच. पाळीव प्राण्यांच्या दुकानात एन्झाइमचं क्लीनर मिळतं, ते आण.

शिकलेलं कुत्रं अचानक घरात करू लागलं, किंवा सारखं वाजवून थेंब थेंब करू लागलं, तर शिस्त लावत बसू नकोस, डॉक्टरांकडे ने. लघवीचा संसर्ग असू शकतो.

आणि हे पत्र नानांना मोठ्याने वाचून दाखव. दुपारी घरी तेच असतात, उठायचं त्यांनाच आहे.

तुझी आत्या