बिस्कीट पुढे आलं तर

परवा नातवाची पहिली पावलं मोबाइलवर पाहिली. म्हणजे पाहायला बसले होते. ऐकू आलं ते, "इकडे बघ, आजीला टाटा कर, हस ना रे!" पोरगं दोन पावलं टाकून थांबलं, टाटा करू लागलं आणि धपकन बसलं.

मला सिनेमाच्या आरंभकाळातल्या ल्युमिएर बंधूंच्या घरची आंद्रे आठवली. १८९५ साली फ्रान्समध्ये लुई ल्युमिएरने बागेत कॅमेरा उभा करून आपल्या या चिमुरड्या पुतणीचं खाणं टिपलं. बाप ऑगस्त चमच्याने भरवतोय, आई कपात ओततेय, वाऱ्याने लाळेरं फडफडतंय. मध्येच आंद्रे हातातलं बिस्कीट कॅमेऱ्यापलीकडच्या कुणाला तरी देऊ करते. बस, एवढंच! त्याच वर्षीच्या दुसऱ्या फितीत ती काचेच्या भांड्यात हात घालून मासे पकडू बघते. बाप नुसता धरून उभा. मासा काही हाती लागत नाही. मला हीच जास्त आवडते. २८ डिसेंबर १८९५ रोजी पॅरिसमध्ये पैसे मोजून आलेल्या लोकांनी या दोन्ही फिती पाहिल्या.

आता, मांडामांड तिथेही होतीच. टेबल उजेडात, सगळे कॅमेऱ्याकडे तोंड करून. पण फिल्म जेमतेम सतरा मीटरची, पन्नास सेकंदांत संपणारी. हँडल फिरवत राहायचं, कॅमेरा जागचा हलवायचा नाही. त्यात बाळ जे करील ते खरं.

आपल्या फाळक्यांनी १९१९च्या ‘कालिया मर्दन’मध्ये लेक मंदाकिनीला कृष्ण केलं. सुरुवातीलाच तिचे नाना हावभाव पडद्यावर येतात. तो रीतसर अभिनय होता, करून घेतलेला. तुमच्या घरात मात्र वरणभाताचा घाससुद्धा दोनदा घ्यावा लागतो, पहिल्या वेळी नीट आला नाही म्हणून! रागावू नका, माझ्या घरातही हेच चाललंय.

आंद्रे १९१८च्या फ्लूच्या साथीत गेली, ऐन चोविशीत. बिस्कीट पुढे करणारा तो हात अजून दिसतो.

तेव्हा एक करून बघा. फोन पाण्याच्या तांब्याला टेकवून ठेवा आणि पन्नास सेकंद गप्प बसा. मात्र बाळाने बिस्कीट पुढे केलं, तर फोनकडे न बघता आधी ते घ्या.