लुडविग हे नाव ठेवण्याआधी

परभणी

चि. बाळू यास मामाचे अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र पोचलं. सूनबाईंना सातवा लागला, तब्येत चांगली आहे, हे वाचून बरं वाटलं. मुलगा झाला तर त्याला त्यांच्या आजोबांचं 'लुडविग' हे नाव द्यावं अशी त्यांची इच्छा आहे, आणि तुझ्या आईनं, म्हणजे आमच्या ताईनं, मात्र 'असलं कसलं नाव' म्हणत फोनवरच विषय संपवला, असं तू लिहितोस. मी ताईची समजूत काढावी असं तुझं म्हणणं. ती मी काढीनही. पण आधी तुझ्याशी बोलायला हवं. कारण तुझ्या चार पानी पत्रात या नावाबद्दल एवढंच आहे, की ते 'जुनं जर्मन नाव' आहे. सोयरीक करायची तर आपण घराणं विचारतो, मूळ गाव विचारतो. जन्मभर मुलाच्या सोबत राहणाऱ्या नावाची तेवढी तरी चौकशी करावी. मी माझ्यापरीनं केली, ती तुला कळवतो.

लुडविग या नावाचे दोन तुकडे आहेत. जुन्या जर्मन बोलींत 'ह्लुड' म्हणजे ज्याचं नाव लोकांच्या कानावर आहे असा, नामांकित. आणि 'विग' म्हणजे लढाई. लढाईत ज्याचं नाव गाजलं, तो लुडविग. यातला 'ह्लुड' हा आपल्या 'श्रुत' शब्दाचा सख्खा भाऊ आहे. आपल्या 'श'च्या जागी जर्मन भाषांत पुष्कळदा 'ह' येतो. आपलं शत, त्यांचं हुंडर्ट. आपला श्वान, त्यांचा हुंड. तू तिकडे जर्मनीत रोज बाजारात हे शब्द ऐकत असशील. त्याच नियमानं आपल्या 'श्रुत'च्या जागी तिकडे 'ह्लुड' आहे. द्रौपदीच्या पाच मुलांत एक श्रुतकर्मा आणि एक श्रुतसेन होता. शत्रुघ्नाची बायको श्रुतकीर्ती, शिशुपालाची आई श्रुतश्रवा. ज्याच्याबद्दल लोक ऐकतात, ज्याची कीर्ती कानोकानी जाते, तो थोर, ही कल्पना दोन्हीकडे एकच. दोन शब्द जोडून मुलाचं नाव घडवायचं ही रीतही दोन्हीकडे एकच. संस्कृतात तशीच ती ग्रीकांत, स्लाव लोकांत आणि जर्मन टोळ्यांत होती. संस्कृत, ग्रीक, लॅटिन, फारसी आणि जर्मन या भाषांची क्रियापदं शेजारी शेजारी मांडून त्यांचं नातं पद्धतशीरपणे दाखवणारा फ्रान्झ बॉप तुझ्या जवळच्याच माइन्झ गावात जन्मला. त्याचा तो ग्रंथ १८१६ सालचा. सुट्टीच्या दिवशी माइन्झला जाशील तेव्हा त्याची आठवण ठेव.

ताईचा पुढचा आक्षेप मला आताच ऐकू येतोय: मुलाच्या नावात लढाई कशाला? तिला सांग, धर्मराजाचं नाव काय होतं? युधिष्ठिर, म्हणजे युद्धात स्थिर राहणारा. आणि महाभारतात युद्ध टाळू पाहणाराही तो होता. आपल्याकडे संग्राम आहेत, रणजित आहेत, आणि त्यातले कितीतरी शाळेत मुलांना गणित शिकवतात. जुन्या काळी नाव ठेवताना त्या त्या काळाची थोरवी नावात घातली गेली. मूल पुढे कशात नाव काढेल हे त्या नावानं कुठे ठरवलं आहे?

आता घराणं. फ्रँक टोळ्यांना एका झेंड्याखाली आणणारा राजा क्लोव्हिस इसवी सन ५११ मध्ये वारला. त्याचं मूळ नाव ख्लोडविग, म्हणजे हाच लुडविग. त्याच्या दोन मुलांची नावंही याच तुकड्यापासून केलेली: ख्लोडोमेर आणि ख्लोथार. बापाच्या नावाचा धागा मुलांच्या नावात ओवायचा ही त्यांची पद्धत. लॅटिनमध्ये हे नाव लुडोव्हिकुस झालं, फ्रेंचांनी ते झिजवून लुई केलं, आणि फ्रान्सच्या गादीवर लुईंची मोजणी अठराव्यापर्यंत गेली. त्यातला सोळावा १७९३ साली लोकांनी गिलोटिनवर चढवला. राजाचं नाव असलं म्हणजे भाग्यही राजाचं येतं असं नाही. जर्मन मुलखात ते लुडविगच राहिलं. तू ज्या गावात राहतोस ते लुडविग्सहाफेन बव्हेरियाचा राजा पहिला लुडविग याच्या नावावर आहे. तुझ्या पगाराच्या चिठ्ठीवर हे नाव कितीदा छापून आलं असेल, आणि घरात येताना मात्र ते परकं ठरतंय.

बेथोव्हेनचं उदाहरण मला फार जवळचं वाटतं. तो १७७० साली बॉनमध्ये जन्मला. त्याचे आजोबा तिथल्या दरबारी संगीताचे प्रमुख होते आणि त्यांचं नावही लुडविगच. म्हणजे नातवाला आजोबांचं नाव. आपल्या गावांत हे किती चालायचं हे तू पाहिलं आहेस. नातवाला आजोबांचं नाव ठेवायचं आणि मग सुनेनं सासऱ्याचं नाव घ्यायचं नाही म्हणून त्याला घरात बापू किंवा अप्पा म्हणायचं. बेथोव्हेनच्या आधी त्याचा एक भाऊ लहानपणीच गेला होता, त्याचंही नाव लुडविग होतं. तिकडे गेलेल्या लेकराचं नाव पुढच्याला पुन्हा दिलं. आपल्याकडे लेकरं जगत नसली की पुढच्याला दगडू म्हणत, कचरू म्हणत, धोंडिबा म्हणत. काळाची नजर त्याच्यावर पडू नये म्हणून. दोन्ही आयांचं दुःख एकच होतं, त्यांनी धरलेली वाट वेगळी. आता 'कचरू'चा अर्थ काय म्हणून कोणी नाक मुरडतं तेव्हा मला राग येतो. त्या नावात एका आईची भीती आणि माया आहे. यादीतून उचललेल्या गोड नावापेक्षा ते मला मोठं वाटतं.

हे नाव आपल्या मुलखात आलंच नाही असंही समजू नकोस. पोर्तुगीजांनी ते लुईस म्हणून आणलं. गोव्यात चांदरच्या वाड्यात १८७८ साली जन्मलेले लुईस द मिनेझिस ब्रागांझा यांनी आपल्या लेखणीनं पोर्तुगीज सत्तेला जाब विचारला. १९३० साली त्यांनी सरकारी कौन्सिलात गोव्याच्या स्वयंनिर्णयाच्या हक्काचा ठराव मांडला. पणजीतली मोठी सांस्कृतिक संस्था त्यांच्या नावानं ओळखली जाते. ख्लोडविग राजाचं नाव गोव्याच्या स्वातंत्र्याची बाजू मांडणाऱ्या माणसाच्या कामी आलं, हे ताईला आवर्जून सांग. वसईकडे चल. तिथले रॉड्रिग्ज आणि गोन्साल्विस घरात मराठी बोलतात. रॉड्रिग्ज हे रोड्रिगोवरून आलं. त्याचा पहिला तुकडा कीर्तीचा आणि दुसरा 'रिक', आपल्या 'राजा' शब्दाचा नातेवाईक. गोन्साल्विसमधल्या 'गोन'च्या मुळाशी लढाईचा जुना जर्मन शब्द आहे. पंधराशे वर्षांपूर्वी ही नावं घेऊन जर्मन टोळ्या स्पेन-पोर्तुगालात उतरल्या, तिथून ती जहाजानं वसईला आली, आणि आज तिथल्या शेतकऱ्याच्या सातबाऱ्यावर आहेत.

परकं नाव आपलं होतं का, याचं उत्तर शोधायला मराठवाड्याबाहेर जायचंही कारण नाही. 'मिलिंद' घे. तुझ्याबरोबर शाळेत किती मिलिंद होते! पंजाबात साकल नगरीत राज्य करणारा ग्रीक राजा मेनान्द्रोस, इसवी सनापूर्वीच्या दुसऱ्या शतकातला. भिक्षू नागसेनाशी त्यानं केलेली प्रश्नोत्तरं पाली ग्रंथात उतरली तेव्हा तो मिलिंद झाला. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीनं १९५० साली औरंगाबादला, म्हणजे आताच्या छत्रपती संभाजीनगरात, सुरू केलेल्या महाविद्यालयाला हेच नाव मिळालं, आणि त्या परिसराला नागसेनवन. शिकण्याची दारं ज्यांना बंद होती त्यांच्या घरांत मग मिलिंद जन्मू लागले. खरं उत्तर मिळेपर्यंत विचारत राहणाऱ्या राजाचं नाव त्यांनी मुलांना दिलं. आज त्या नावाला कोणी ग्रीक म्हणत नाही.

आणि नाव देणं म्हणजे काय हे आपल्या परभणीनं १९९५ साली डोळ्यांनी पाहिलं. अडुसष्टावं साहित्य संमेलन इथं भरलं तेव्हा अध्यक्ष होते नारायण सुर्वे. जन्मल्या जन्मल्या मुंबईच्या रस्त्यावर सोडून दिलेलं ते मूल गंगाराम सुर्वे नावाच्या गिरणी कामगारानं उचललं, घरी नेलं, त्याला आपलं नाव दिलं. कुळाचा पत्ता नसलेल्या मुलाला मायेनं दिलेलं नाव मराठी कवितेत कायमचं राहिलं. नावाचं कुळ शोधावं, मीही शोधतोय. पण नावाला जागा मिळते ती कोण देतं आणि कशासाठी देतं यावरून. सूनबाई आपल्या आजोबांची आठवण तुझ्या मुलात ठेवू पाहताहेत. त्या मायेला नाही म्हणायचा अधिकार ना तुला, ना ताईला, ना मला.

एक कडू गोष्टही सांगतो, कारण मोठ्यानं ती लपवू नये. नावं मरतातही. अडोल्फ हे असंच जुनं, दोन तुकड्यांचं जर्मन नाव, 'थोर लांडगा' अशा अर्थाचं, एके काळी घराघरांत असलेलं. एका माणसानं ते असं बरबटलं, की १९४५ नंतर क्वचितच कोणी ते आपल्या मुलाला दिलं. तुझ्या मुलाच्या वर्गात पुढे या सगळ्या इतिहासाची चर्चा होईल. तेव्हा त्याला घरातून माहीत असलं पाहिजे की आपलं नाव कुठून आलं, ते कोणी कसं वापरलं, आणि आपल्या पणजोबांनी ते कसं मिरवलं. म्हणून त्या पणजोबांची हकीगत आताच सूनबाईंच्या घरच्या मोठ्या माणसांकडून लिहून घे. माणसं आहेत तोवर विचार.

तुझ्या जवळच्या हायडेलबर्गला विद्यापीठाच्या दक्षिण आशिया संस्थेत ग्युंटर सोन्थायमर शिकवत. त्यांच्या 'ग्युंटर' नावातही लढाई आणि सैन्य असे दोन जुने तुकडे आहेत. हा माणूस महाराष्ट्रात धनगरांच्या वाड्या-वस्त्यांवर फिरला, त्यांच्या ओव्या ऐकून टिपून घेतल्या, आणि बिरोबा, म्हस्कोबा, खंडोबा यांच्यावर १९७६ साली जर्मनमध्ये ग्रंथ लिहिला. १९९२ साली ते गेले. त्यांना खंडोबा कळला तो मराठी शिकल्यामुळे. तुझ्या लुडविगलाही मराठी आली पाहिजे. नावाबद्दल तुझ्याशी भांडणार नाही, पण मराठीबद्दल भांडेन. रोज रात्री त्याच्याशी मराठीत बोल, गोष्टी सांग, आजीशी त्याला स्वतः बोलू दे. त्याला तू दुभाषा लागलास तर ती तुझी चूक.

आता व्यवहाराचं. तिथं जन्म आठवड्याच्या आत नोंदवावा लागतो, तेव्हा ऐन वेळी इंटरनेटवरच्या याद्या उघडू नकोस. त्यांत रेयांश, कियांश, वियान असली नावं आणि त्यांच्यापुढे वाटेल ते अर्थ लिहिलेले असतात. संस्कृतचा जाणकार ते वाचून कपाळाला हात लावतो. दोघांच्या तोंडी बसेल असं अर्ध्या जर्मन, अर्ध्या मराठी आवाजाचं तडजोडीचं नावही नको. त्यात ना त्यांचे आजोबा राहतात, ना आपले. लुडविग ठेवायचं तर पूर्ण लुडविग ठेव. आपल्याकडे नावापुढे बापाचं नाव येतं, तिकडे ती रीत नाही. पण मुलाला एकाहून जास्त नावं देता येतात. माझं मन विचारशील तर दुसरं नाव नामदेव ठेव. नामदेवरायांचं नरसी आता हिंगोली जिल्ह्यात गेलं. पण १९९९ पर्यंत ते आपल्या परभणी जिल्ह्यातच होतं. त्यांची पदं गुरू ग्रंथसाहिबात आहेत, आणि पंजाबात घुमानला त्यांचं नाव आजही तिथल्या लोकांच्या तोंडी आहे. परमुलखात जाऊन आपलं झालेलं नाव हवं असेल तर याहून चांगलं कुठलं?

ताई नक्षत्राच्या अक्षराला अडून बसली तर तिला सांग, आपल्यातच जन्मनाव पत्रिकेत वेगळं आणि व्यवहारातलं नाव वेगळं अशी चाल आहे. तिला हवं ते जन्मनाव तिनं ठेवावं. बाराव्या दिवशी तू तिकडे असशील, पाळणा इकडे बांधता येणार नाही; पण आत्यानं कानात नाव सांगायचा मान चुकवू नकोस. तुझ्या बहिणीला फोनवर बसव आणि बाळाच्या कानाशी फोन धर.

मी ताईकडे रविवारी जाणार आहे. त्याआधी तिला फोन तू कर. नाव काय ठेवणार हे शेवटी सांग. सूनबाईंचे आजोबा कोण होते, हे आधी सांग.

तुझा,
मामा