राखणदार कुत्रा आणि दिवसाचे वेळापत्रक

एका वाचक भगिनीचे पत्र आले आहे. त्या लिहितात : "आमचा कुत्रा घरच्यांशी अगदी गरीब गाय आहे. नातवंडे त्याचे कान ओढतात, अंगावर बसतात, तरी तो काही करीत नाही. पण फाटकाची कडी वाजली की त्याच्या अंगात येते. मागच्या महिन्यात गॅस सिलिंडर घेऊन आलेल्या मुलाची पँट त्याने फाडली. दात लागला नाही, हे नशीब. यजमान म्हणतात, कुत्रा राखणीसाठीच पाळला ना! माझा जीव मात्र टांगणीला लागलेला असतो. यावर काही औषध आहे का?"

कुत्र्याच्या स्वभावाचा प्रश्न आरोग्याच्या सदरात कशाला, असे काहींना वाटेल. पण चावा ही साधी जखम नव्हे. कुत्र्याच्या दातांनी कातडीखालचा भागही चिरडला जातो व जखम लवकर चिघळते. लहान मुलाचा चेहरा कुत्र्याच्या तोंडाच्या उंचीवर येतो, त्यामुळे मुलांना डोक्यावर, गालावर, मानेवर चावे बसतात. आणि रेबीज आपल्या देशातून अजून गेलेला नाही. त्याची लक्षणे एकदा दिसू लागली की मृत्यू जवळजवळ ठरलेलाच. तेव्हा चावाच होऊ नये यासाठी काय करावे, हा आरोग्याचाच प्रश्न आहे.

औषधाचे पुढे पाहू. या भगिनींना पहिला उपाय सांगायचा तो म्हणजे कुत्र्याच्या दिवसाला वेळापत्रक लावणे.

राखण कशाला म्हणावे?

चांगला राखणदार कुत्रा भुंकतो, घरच्यांना वर्दी देतो आणि घरचे माणूस बाहेर येऊन "बरं, बस" म्हणाले की गप्प होतो. मालक समोर उभा असताना, आलेल्या माणसाशी बोलत असतानाही जो अंगावर धावून जातो, तो बहुधा शूर नसतो, घाबरलेला असतो. ही गोष्ट लोकांना पटत नाही. पण त्याच्याकडे नीट पाहा. शेपूट ताठ किंवा पायांत, कान मागे, डोळ्यांचा पांढरा भाग दिसतो आहे, दोन पावले पुढे आणि एक मागे. परक्या माणसाला दूर ठेवण्याची त्याची ही धडपड असते.

ही धडपड वाढत का जाते? पोस्टमनचे उदाहरण घ्या. पोस्टमन फाटकाशी येतो, कुत्रा भुंकतो, पोस्टमन पत्र टाकून जातो. पोस्टमनला पुढच्या घरी जायचे असते, पण कुत्र्याच्या हिशेबी आपण भुंकलो म्हणून तो पळाला. दुसऱ्या दिवशी तेच. पेपरवाला, दूधवाला, मीटर पाहायला येणारा, सगळे येतात आणि जातात. दिवसातून चार-पाच वेळा, वर्षाचे तीनशे दिवस हा कुत्रा "जिंकत" असतो. मग एखादा पाहुणा न जाता फाटक उघडून आत येतो, तेव्हा भुंकण्याने भागत नाही आणि दात पुढे येतात.

त्यात कुत्रा फाटकाजवळ साखळीने बांधलेला असेल तर आणखी वाईट. भीती वाटली तर मागे सरकायला त्याला जागा नसते, म्हणून तो पुढेच झेपावतो. अमेरिकेतल्या डेन्व्हर शहरात चावणाऱ्या व न चावणाऱ्या कुत्र्यांची तुलना करणारा एक अभ्यास झाला. तो १९९४ साली प्रसिद्ध झाला. आवारात साखळीने बांधून ठेवलेल्या कुत्र्यांचे प्रमाण चावणाऱ्यांत अधिक आढळले. आपल्याकडे तर "दिवसभर बांधला की रात्री तेज होतो" हा समज पक्का आहे. तिखट चारले की कुत्रा तेज होतो, हा दुसरा समज. त्याने पोट बिघडते, दुसरे काही होत नाही.

ठरलेला दिवस का उपयोगी पडतो?

रशियातील शास्त्रज्ञ पाव्हलोव्ह यांचे नाव अनेकांनी शाळेत ऐकले असेल. पचनक्रियेवरील कामासाठी त्यांना १९०४ साली नोबेल पारितोषिक मिळाले. त्यांच्या प्रयोगशाळेतील कुत्र्यांच्या तोंडाला अन्न समोर येण्याआधीच, ते आणणाऱ्या माणसाची चाहूल लागताच पाणी सुटू लागे. म्हणजे कुत्र्याला घड्याळ कळत नसले तरी कशामागून काय येते हे पक्के कळते. आपल्या घरी कडीच्या आवाजामागून धोका येतो, असे तो शिकलेला आहे. त्यामागून दुसरे काही येते, हे त्याला शिकवता येते.

दुसरी गोष्ट अनिश्चिततेची. १९७० च्या सुमारास अमेरिकेत जे वाइस नावाच्या संशोधकाने उंदरांवर प्रयोग केले. दोन उंदरांना सारखेच विजेचे झटके दिले. एकाला झटक्याआधी सूचनेचा आवाज ऐकू येई, दुसऱ्याला येत नसे. त्रास दोघांना सारखाच, पण सूचना न मिळणाऱ्याच्या जठरात व्रण कितीतरी अधिक पडले. केव्हा काय होईल याचा भरवसा नसला की जीव सतत ताणलेला राहतो. ज्या कुत्र्याला जेवण कधी दहाला, कधी दोनला मिळते, कधी फिरायला नेतात, कधी चार दिवस नेत नाहीत, एकजण लाड करतो आणि दुसरा लाथ घालतो, तो सदोदित कान टवकारून बसतो. अशा कुत्र्याला फाटकाचा एक आवाज पुरतो.

आता वेळापत्रक. सकाळी दूधवाला येण्यापूर्वी अर्धा तास दोरीने फिरवून आणावे. धावडवू नये, वास घेत चालू द्यावे. वास घेण्यात कुत्र्याचे मन रमते आणि थकतेही. आल्यावर पाणी, मग जेवण. मोठ्या कुत्र्याला दिवसातून दोनदा, रोज त्याच वेळी, त्याच जागी, त्याच ताटलीत द्यावे. वीस मिनिटांनी ताटली उचलावी. तो खात असताना जवळ कोणी जाऊ नये, मुलांनी तर नाहीच. आपण जेवताना पोळीचा तुकडा फेकण्याची सवय मोडावी, कारण त्यामुळे त्याचे जेवण दिवसभर चालू राहते आणि तो पानापाशी राखण करू लागतो.

दुपारी झोप. कुत्रे दिवसातून बारा तास किंवा त्याहून अधिक झोपते, आणि झोपमोड झालेले कुत्रे चिडके होते. फाटकापासून दूर, मागच्या पडवीत किंवा आतल्या खोलीत त्याची एक जागा ठरवावी. पोते असो वा जुने घोंगडे, पण त्या जागेवर असताना त्याला कोणीही हात लावायचा नाही, हा घराचा नियम. आमच्या मते वेळापत्रकात एवढी एकच गोष्ट जमली तरी निम्मे काम झाले.

गॅसवाला, मीटरवाला यांची वेळ साधारण ठाऊक असते. त्याआधी कुत्रा आपल्या जागेवर गेलेला असावा आणि मधले दार लावलेले असावे. रोजचे "जिंकणे" थांबले की सवय हळूहळू सैल होते. संध्याकाळी पुन्हा फिरणे, नंतर पाच मिनिटे शिकवणे : "बस", "थांब", "जागेवर जा". शब्द कोणतेही चालतील, पण घरातल्या सर्वांचे तेच हवेत. आजोबा "चल हट" म्हणणार, मुलगा "गो" म्हणणार आणि सूनबाई झाडू दाखवणार, मग कुत्र्याने कोणाचे ऐकावे? खरे सांगायचे तर वेळापत्रक कुत्र्याला लावणे सोपे, घरातल्या माणसांना लावणे अवघड. भिंतीवरच्या कॅलेंडरशेजारी एक कागद लावून कोण, केव्हा, काय करणार हे लिहून ठेवावे.

दोन-तीन आठवडे असे गेले की फाटकाचा धडा सुरू करावा. घरच्याच माणसाने बाहेर जाऊन कडी हळूच वाजवावी. आत दुसऱ्याने त्याच क्षणी भाकरीचा किंवा उकडलेल्या अंड्याचा चण्याएवढा तुकडा कुत्र्याच्या जागेवर टाकावा. दिवसातून आठ-दहा वेळा, रोज ठरल्या वेळी. कडी वाजताच तो आपणहून जागेकडे वळू लागला की मगच ओळखीचा शेजारी घ्यावा. तोही प्रथम दूर रस्त्यावर उभा राहील, कुत्र्याकडे टक लावून पाहणार नाही, हात पुढे करणार नाही. या सर्व वेळी कुत्रा दोरीवर असावा. तो गुरगुरू लागला तर अंतर फार कमी झाले असे समजून मागे न्यावे. गुरगुरल्याबद्दल मारू मात्र नये. गुरगुरणे ही पूर्वसूचना आहे. मारून ती बंद केली तर पुढच्या वेळी कुत्रा सूचना न देता चावेल.

याला महिने लागतात. मध्ये गणपती, लग्नसराई, दिवाळीचे फटाके येतात आणि घडी विस्कटते. अशा दिवसांत धडे थांबवावेत, पण जेवण, फिरणे आणि झोपेची जागा या तीन गोष्टी सोडू नयेत. फटाक्यांच्या संध्याकाळी अंधार पडण्यापूर्वीच फिरवून आणून आत ठेवावे.

यजमानांची शंका आणि नातवंडे

कुत्रा असा मवाळ झाला तर राखण कोण करणार, असे यजमान विचारतील. भुंकणे बंद होत नाही. रात्री परके पाऊल वाजले की तो भुंकेलच, आणि चोर पळतो तो भुंकण्यानेच. उलट सिलिंडरवाल्याला चावणारा कुत्रा मालकालाच गोत्यात आणतो. भारतीय न्याय संहितेच्या कलम २९१ प्रमाणे पाळीव जनावराच्या बाबतीत पुरेशी काळजी न घेतल्यास सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा पाच हजार रुपयांपर्यंत दंड, अथवा दोन्ही होऊ शकतात.

पत्रातील एका वाक्याची आम्हाला अधिक काळजी वाटते, ती म्हणजे नातवंडे कान ओढतात आणि कुत्रा काही करीत नाही. तो सोसतो आहे. अशा वेळी त्याने तोंड फिरवले, ओठ चाटले, झोप नसता जांभई दिली किंवा अंग एकदम ताठ केले, तर ती नाराजीची खूण असते. मुलांना चावणारा कुत्रा पुष्कळदा घरचा किंवा ओळखीचाच असतो. पाच-सहा वर्षांच्या आतले मूल आणि कुत्रा यांना मोठ्या माणसाविना एकत्र ठेवू नये, कुत्रा कितीही गुणी असला तरी.

वेळापत्रक कोठे पुरत नाही

ज्याने एकदा कोणाला रक्त निघेपर्यंत चावले आहे, त्याला केवळ घरच्या उपायांवर ठेवू नये. पशुवैद्यांना दाखवावे आणि बाहेर नेताना तोंडाला मुसके घालावे. मुसके असे हवे की तोंड उघडून धापा टाकता येतील, नाही तर उन्हात जिवावर बेतेल. शांत कुत्रा अचानक चिडका झाला तर आधी दुखणे शोधावे : कान, दात, सांधे, म्हातारपणी अधू झालेली नजर. पिल्ले झालेली कुत्री काही आठवडे कोणालाच जवळ येऊ देत नाही. तिथे शिकवणे नको, आडोसा द्यावा आणि वेळेवर खायला घालावे. एकाएकी वागणे पालटले, लाळ गळू लागली, खालचा जबडा लोंबू लागला, आवाज बदलला तर रेबीजची शंका घ्यावी. तोंडात काही अडकले असेल म्हणून हात घालू नये.

औषधाबद्दल विचारले आहे. गुंगीचे औषध आपल्या मनाने देऊ नये. काही औषधांनी हालचाल मंदावते पण भीती तशीच राहते, आणि असा कुत्रा कधी दात मारील याचा नेम नसतो. भीती कमी करणारी औषधे आहेत, पण ती पशुवैद्य तपासून देतात, आणि तीही वेळापत्रक व शिकवण्याच्या जोडीने. रेबीजची लस मात्र प्रत्येक कुत्र्याला हवीच : पहिली तीन महिन्यांचा झाल्यावर, पुढची मात्रा आणि नंतर दरवर्षी पशुवैद्य सांगतील त्याप्रमाणे.

इतके करूनही चावा झालाच तर जखम वाहत्या पाण्याखाली साबणाने पंधरा मिनिटे धुवावी, घड्याळ लावून. हळद, चुना, तिखट, तेल काहीही भरू नये. त्याच दिवशी दवाखाना गाठावा, कुत्र्याला लस टोचलेली असली तरीही. कुत्र्यावर दहा दिवस लक्ष ठेवावे, पण त्यासाठी उपचार थांबवू नयेत. जखमेतून रक्त आले असेल तर लसीबरोबर जखमेतच टोचायचे वेगळे औषधही लागते, त्याबद्दल डॉक्टरांना आठवणीने विचारावे. धनुर्वाताच्या इंजेक्शनचेही विचारावे.

पोटातल्या चौदा इंजेक्शनांच्या भीतीने अजूनही काही लोक दवाखान्यात येत नाहीत. मेंढीच्या मेंदूपासून केलेली ती जुनी लस आपल्या देशात २००४ अखेर बंद झाली. आता लस दंडात देतात : स्नायूत दिल्यास पहिला दिवस धरून त्यानंतर तिसऱ्या, सातव्या, चौदाव्या व अठ्ठाविसाव्या दिवशी, आणि कातडीत दिल्यास चौदावा दिवस वगळून बाकीच्या दिवशी. लहान बाळांना मांडीत देतात, कुल्ल्यात देत नाहीत. सरकारी रुग्णालयांत ती मोफत मिळते. तारखा लिहिलेला कागद जपून ठेवावा, आणि मध्ये सण किंवा लग्न आले म्हणून डोस पुढे ढकलू नये.