पकडा, चोर!

मुलांनो, बाजारात 'चोर! चोर!' अशी आरोळी उठली की काय होते, ते तुम्हांला ठाऊक आहे. ज्याचे काहीच गेलेले नाही, तोही धावू लागतो. अशाच धावपळीचा एक चित्रपट १९०१ साली इंग्लंडमध्ये तयार झाला. त्याचे नाव 'स्टॉप थीफ!'. तो जेमतेम दोन मिनिटांचा आहे. जेम्स विल्यमसन या औषधविक्रेत्याने तो होव्ह या समुद्रकाठच्या गावी काढला.

गोष्ट साधी आहे. खाटकाचा माणूस मांस घेऊन चालला आहे. एक फाटका भटक्या त्यातला मोठा तुकडा उचलतो आणि पळत सुटतो. खाटीक मागे लागतो. दुसऱ्या दृश्यात चोर घरांसमोरून धावतो. आता कुत्रीही त्याच्या मागे आहेत! तिसऱ्या दृश्यात तो एका पिंपात लपतो. पण मांसाचा वास लपतो थोडाच? कुत्रीही पिंपात उड्या घेतात. शेवटी खाटीक येतो आणि आधी कुत्र्यांना, मग चोराला बाहेर ओढतो.

यात आवाज नाही. तरी उर्दू बोलणारा असो की मराठी, सर्वांना गोष्ट कळते. ती कशी?

आपल्याकडे सावेदादा, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, यांनी १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये कुस्तीचे चित्रण केले. मल्ल एकाच जागी लढतात, म्हणून कॅमेरा एका जागी ठेवला की काम भागते. चोर मात्र एका जागी थांबत नाही! म्हणून विल्यमसनने तीन जागी तीन दृश्ये घेतली आणि ती एकापुढे एक जोडली. आज आपल्याला यात नवल वाटत नाही, पण तेव्हा ही युक्ती नवी होती.

समजा, वर्ध्याच्या बजाज चौकात कोणी चपला उचलून पळाला आणि पुढच्याच दृश्यात तो रेल्वे स्टेशनाजवळ धावताना दिसला. मधला रस्ता पडद्यावर नाहीच. तो तुम्ही मनातल्या मनात धावता.

एक गोष्ट मात्र हा चित्रपट सांगत नाही. तो माणूस उपाशी होता का? खाटीक विचारत नाही, कुत्री तर नाहीच नाही.

शब्दार्थ : खाटीक – कसाई, पाठलाग – पीछा, भटक्या – आवारा, मल्ल – पहलवान.

स्वाध्याय
१. चोराचा पाठलाग कोणी कोणी केला?
२. चोराला पिंपातून बाहेर काढल्यावर तो काय म्हणाला असेल? चार वाक्ये लिहा.