काळ हे इंधन होऊ शकेल काय?

काळापासून ऊर्जा निर्माण करणारी एखादी संशोधनसंस्था असावी आणि सरणारा प्रत्येक क्षण तेथील यंत्रात घालून त्याची वीज करावी, ही कल्पना विज्ञानकथेतच शोभणारी आहे. अशी संस्था जगात कोठेही नाही. तथापि सूर्य व तारे हीच अशी यंत्रे असून ती काळावर चालतात, असे एका खऱ्याखुऱ्या खगोलशास्त्रज्ञाने गंभीरपणे प्रतिपादन केले होते. त्यांचे नाव निकोलाय कोझिरेव्ह. मी कलाशाखेचा विद्यार्थी. गणिताशी माझे फारसे सख्य नाही. परंतु या प्रकरणाचा तर्कशास्त्राशी इतका निकटचा संबंध आहे की, त्यावर लिहिण्याचे धाडस करीत आहे.

कोझिरेव्ह यांचा जन्म १९०८ साली सेंट पीटर्सबर्ग येथे झाला. ऐन तारुण्यातच ते पुल्कोवो येथील विख्यात वेधशाळेत दाखल झाले. ताऱ्यांच्या विस्तृत वातावरणाविषयीचा त्यांचा निबंध १९३४ साली प्रसिद्ध झाला. त्याच सुमारास आपले चंद्रशेखर त्याच प्रश्नावर स्वतंत्रपणे काम करीत होते. पुढे चंद्रशेखरांना नोबेल पारितोषिक मिळाले. कोझिरेव्ह यांच्या वाट्याला मात्र तुरुंग आला. नोव्हेंबर १९३६ मध्ये स्टालिनच्या राजवटीत त्यांना अटक झाली आणि दहा वर्षे तुरुंगात व छावण्यांत गेली.

या काळातील एक प्रसंग सोल्झेनित्सिन यांनी ‘गुलाग आर्किपेलागो’मध्ये नोंदवला आहे. कोठडीत बसून कोझिरेव्ह ताऱ्यांविषयी विचार करीत, पण काही आकडे विसरल्यामुळे विचार अडून बसला. त्यांनी प्रार्थना केली. थोड्याच वेळात कैद्यांची पुस्तके बदलण्यात आली, आणि हाती आले खगोलभौतिकीचे पाठ्यपुस्तक! दोन दिवस त्यांनी त्यातील आकडे पाठ केले. मग तपासणीस आलेल्या अधिकाऱ्याच्या लक्षात आले की हा कैदी खगोलशास्त्रज्ञ आहे, आणि पुस्तक काढून घेण्यात आले.

डिसेंबर १९४६ मध्ये सुटका झाल्यावर लगेच, १९४७ साली, त्यांनी ताऱ्यांच्या ऊर्जेवर प्रबंध सादर केला. ताऱ्यांच्या गाभ्यातील तापमान अणुकेंद्रांच्या संमीलनास पुरेसे नाही, असा त्यांचा निष्कर्ष होता. मग तारे तेवतात कशावर? १९५८ च्या ग्रंथात त्यांनी उत्तर दिले : काळावर. कारण आधी व परिणाम नंतर, हा क्रम उलटत नाही. अर्थात काळाला दिशा आहे, आणि जे वाहते ते ढकलूही शकते. हे सिद्ध करण्यासाठी ते फिरता भोवरा तराजूला टांगून, त्याला कंप देऊन वजन करीत. वजनात किंचित फरक पडतो, असे त्यांचे म्हणणे होते.

हा किंचित फरक एवढा महत्त्वाचा का, हे मला बरेच दिवस कळत नव्हते. माझे वडील मार्केट यार्डात हमाली करतात. समजा, पृथ्वीचे आकर्षण सोमवारी कमी आणि गुरुवारी जास्त असते. सोमवारी हलके झालेले पोते थप्पीवर चढवावे, गुरुवारी दोर बांधून खाली सोडावे आणि त्यावर एखादे चाक फिरवावे. घातलेल्या श्रमापेक्षा जास्त काम पदरात पडेल. इंधन काय जळाले? फक्त मधले तीन दिवस! काळावर चालणारी संस्था ती हीच. पण निसर्गाचे नियम आज जे आहेत तेच उद्या असतील, तर ऊर्जेची एकूण बेरीज बदलत नाही, हे एमी नोएथर या जर्मन गणिती विदुषीने १९१८ सालीच दाखवून दिले आहे. वडिलांना हे सांगितले तेव्हा ते म्हणाले, “पोतं काय वार बघून जड होतं व्हय?” नोएथरबाईंचे म्हणणे त्यांना माझ्याआधी समजले!

नोव्हेंबर १९५९ मध्ये आर्त्सिमोविच, कापित्सा व ताम या तीन थोर शास्त्रज्ञांनी ‘प्रावदा’त कोझिरेव्ह यांच्या सिद्धांतावर कडक टीका केली. ती वाचताना प्रथम मला रागच आला. ज्या सत्तेने या माणसाला तुरुंगात टाकले, तिच्याच वृत्तपत्राने पुन्हा त्याला खोटे ठरवावे! साहजिकच मी मनाने कोझिरेव्ह यांच्या बाजूचा झालो. पण वर्गात तर्कदोष शिकताना चपराक बसली. माणसाने सोसले म्हणून त्याचे विधान सत्य होत नाही, आणि ‘प्रावदा’त छापले म्हणून खंडन असत्य ठरत नाही. प्रश्न भोवऱ्याच्या वजनाचा होता, तो तराजूनेच सुटावयाचा. कंप पावणाऱ्या वस्तूचे वजन करताना तराजूच फसू शकतो. १९८९ साली जपानमधील दोघा संशोधकांनी फिरत्या भोवऱ्याचे वजन घटते असे जाहीर केले, तेव्हा पुढच्याच वर्षी इतर प्रयोगशाळांनी अधिक काटेकोर मापन केले. फरक आढळला नाही.

याउलट ज्या नजरेवर टीकाकारांनी संशय घ्यावा, त्याच नजरेने ३ नोव्हेंबर १९५८ रोजी चंद्रावरील अल्फोन्सस विवरात वायूच्या खुणा टिपल्या होत्या. त्या कामासाठी त्यांना पुढे आंतरराष्ट्रीय सुवर्णपदक मिळाले.

सूर्याच्या बाबतीत एक शंका मात्र बरीच वर्षे शिल्लक होती. संमीलनातून जितके न्यूट्रिनो कण यावयास हवेत, त्यांच्या सुमारे एकतृतीयांशच सापडत होते. म्हणजे कोझिरेव्ह यांना फट मिळाली होती! २००१-०२ मध्ये कॅनडातील सडबरी येथील मापनाने ती बुजली : कण वाटेत रूप बदलत होते, म्हणून मोजले जात नव्हते. आणि २०१४ साली इटलीत ग्रान सासो पर्वताखालील उपकरणाने सूर्याच्या गाभ्यातील मूळ संमीलनाचेच कण टिपले. हे पाहण्यास कोझिरेव्ह नव्हते. १९८३ साली लेनिनग्राद येथे त्यांचे निधन झाले.