तान्ह्या बाळाचा पासपोर्ट फोटो

प्रश्न : मला, पत्नीला आणि आठ महिन्यांच्या मुलीला पासपोर्ट काढायचा आहे. तिघांचेही फोटो स्टुडिओत काढावेत का? – एक वाचक, घणसोली गाव

उत्तर : आई-वडिलांनी फोटोवर खर्च करू नये. ठाण्याच्या पासपोर्ट सेवा केंद्रात मोठ्यांचा फोटो आणि बोटांचे ठसे तिथल्या तिथेच घेतले जातात. चार वर्षांखालच्या मुलांचा फोटो मात्र घरून न्यावा लागतो : रंगीत, पांढऱ्या पार्श्वभूमीवर, ४.५ बाय ३.५ सेंटिमीटरचा.

खरी कसोटी इथे असते. आठ महिन्यांचे बाळ स्टुडिओच्या दिव्यांना बिचकते, रडते. त्यापेक्षा घरीच, पोट भरल्यावर, खिडकीजवळ पांढरी चादर सुरकुत्या काढून अंथरावी आणि बाळाला उताणे निजवावे. गावठाणातल्या दाटीच्या घरांत उजेड एकाच बाजूने येतो. त्यामुळे दुसऱ्या गालावर सावली पडते. त्या बाजूला कुणीतरी पांढरा कागद धरला, की ती बरीच फिकी होते. फोटो बरोबर वरून घ्यावा. फ्लॅश आणि चेहरा उजळणारे फिल्टर बंद ठेवावेत.

गालावरची तीट, टोपडे, चोखणी काढावी. डोळे उघडे, तोंड मिटलेले हवे आणि आईचा हात चौकटीत नको. कपडे गडद रंगाचे असले, तर पांढऱ्यावर उठून दिसतात.

छपाईला देताना नुसते ‘पासपोर्ट साइज’ म्हणू नये, माप सांगावे. अमेरिकी व्हिसाचा फोटो दोन बाय दोन इंचांचा, चौकोनी असतो. तो इथे चालत नाही.