निखाऱ्यावरचे मटण आणि न दिसणारा वायू

येळवस झाली की आपल्या भागात रानात जाऊन खाण्याचे दिवस सुरू होतात. आधी आंबील-भज्जी, मग हुरडा, आणि हुरड्याची आगटी पेटलेली असली की कोणाला तरी मटणाची आठवण होतेच. अलीकडे यात एका नव्या प्रकाराची भर पडली आहे. मोबाइलवर परदेशी मंडळींचे व्हिडिओ पाहून आपली तरुण मुले वेल्डिंगच्या दुकानातून लोखंडी पिंप कापून आणतात, त्यात जाळी बसवतात, झाकण लावतात आणि बोकडाची सबंध मांड धुरावर शिजवतात. तिकडे यासाठी गोमांसाचा जाड काप घेतात, त्याला ‘स्टेक’ म्हणतात. महाराष्ट्रात २०१५ पासून गायीबरोबर बैल व वळू यांच्या कत्तलीवरही बंदी आहे, त्यामुळे आपल्याकडे हा प्रयोग बहुधा शेळी-बोकडाच्या मटणावरच होतो. उस्मानाबादी शेळी तर आपल्या जिल्ह्याचीच, तेव्हा मटणाला तोटा नाही.

मांस धुरावर धरण्याची कल्पना आपल्याला परकी नाही. धूर, मीठ व ऊन ही फ्रीज येण्यापूर्वीची मांस टिकवण्याची साधने. मराठवाड्यातील दलित समाजात मांसाच्या पट्ट्या उन्हात वाळवून ‘चान्या’ करीत आणि लागतील तशा निखाऱ्यावर भाजून खात. शाहू पाटोळे यांनी ‘अन्न हे अपूर्णब्रह्म’ या पुस्तकात या साऱ्या खाद्यपरंपरेची नोंद केली आहे. तेव्हा ती गरज होती, आज हौस आहे. हौसेला माझा विरोध नाही, फक्त डॉक्टरच्या नजरेतून चार गोष्टी पाहाव्यात.

पहिली गोष्ट पिंपाची. भंगारातून स्वस्तात मिळणारे पिंप पूर्वी कशाचे होते हे विचारून घ्यावे. कीटकनाशकाचे किंवा रसायनाचे पिंप कितीही घासले, जाळले तरी अन्नासाठी वापरू नये. जस्ताचा मुलामा दिलेला पत्रा व जाळीही टाळावी. जळण म्हणून लोणारी कोळसा आणि बाभूळ, आंबा, चिंच असे वाळलेले लाकूड चालेल. रंग दिलेली फळी, प्लायवूड, टायरचा तुकडा, प्लॅस्टिक हे नको. आणि विस्तव धरत नाही म्हणून मोटारसायकलमधून पेट्रोल काढून ओतणारे महाभाग प्रत्येक गावात असतात. पेट्रोलची वाफ हवेत पसरते व भडका थेट ओतणाऱ्याच्या हातापर्यंत आणि तोंडापर्यंत येतो.

दुसरी गोष्ट शिजण्याची. परदेशात स्टेक आतून गुलाबी ठेवतात. सबंध तुकड्यात जंतू मुख्यतः पृष्ठभागावर असतात व तो भाग चांगला भाजला जातो, हे त्यामागचे शास्त्र. अमेरिकेच्या कृषी खात्याच्या नियमाप्रमाणे सबंध तुकड्याच्या गाभ्यात ६३ अंश सेल्सियस तापमान यावे व नंतर तो ३ मिनिटे तसाच ठेवावा. खिम्यात पृष्ठभागावरचे जंतू आतपर्यंत मिसळतात, म्हणून त्याला ७१ अंश लागतात. पण त्यांचे मांस कापल्यापासून थंड पेटीत असते. आपल्याकडे सकाळी कापलेले मटण दुपारपर्यंत आकड्याला लटकत असते, शिवाय ते मसाला लावून आणखी दोन तास उघड्यावर राहते. म्हणून गाभ्यात किमान ७५ अंश येऊ द्यावेत असे माझे मत आहे. यात चवीचेही नुकसान नाही, कारण बोकडाची मांड चिवट असते आणि तिच्यातले तंतू त्याहून अधिक उष्णतेवर सावकाश शिजल्यावरच मऊ पडतात. मसाला लावलेले मटण फ्रीजमध्ये मुरवावे. कच्चे मटण ठेवलेल्या ताटात शिजलेले पुन्हा काढू नये. तापमान पाहण्यासाठी मटणात खुपसण्याची वेगळी सुई मिळते. तापाचा काचेचा थर्मामीटर तेथे घालू नये, तो ४२ अंशांपुढे जात नाही आणि फुटला की पारा जेवणात.

बोकड कापल्यावर कलेजी निखाऱ्यावर टाकून अर्धीकच्ची खाण्याची पद्धत मात्र सोडावी. गरोदर स्त्रियांनी तर अर्धकच्च्या मटणाला हातच लावू नये. त्यातून होणारा टॉक्सोप्लाझ्मा हा आजार गर्भाला इजा करतो. शेळ्या कापणाऱ्यांना व त्यांची वेत करणाऱ्यांना ब्रुसेलाची लागण होऊ शकते. आठवडेच्या आठवडे ताप, घाम, कंबर व सांधे धरणे ही तिची लक्षणे. अशा तापात डॉक्टरांना आपल्या कामाविषयी जरूर सांगावे.

आता मुख्य मुद्द्याकडे येतो. काही वर्षांपूर्वी थंडीत एका शेतवस्तीवरील कुटुंब सकाळी माझ्याकडे आले. सर्वांचे डोके ठणकत होते, दोघांना उलट्या झाल्या होत्या. रात्री मटण झाले होते, त्यामुळे दोष मटणालाच दिला गेला. पण सर्वांत जास्त त्रास माळकरी आजीला होता, आणि तिने मटणाला स्पर्शही केला नव्हता. उलट ज्या पाहुण्याने सर्वांत जास्त खाल्ले तो बाहेर ओसरीत झोपलेला, ठणठणीत. चौकशी केली तेव्हा कळले की अवकाळी पावसाची सर आली म्हणून निखाऱ्यांची शेगडी पत्र्याच्या खोलीत घेतली, उरलेले निखारे ऊब म्हणून तसेच ठेवले आणि दार लावले. आजीचे अंथरूण शेगडीलगत होते.

हा कार्बन मोनॉक्साईड वायूचा प्रताप. त्याला रंग नाही, वास नाही. धूर डोळ्यांना झोंबतो, माणूस उठून बाहेर जातो. पण कोळसा लाल होऊन धूर थांबला की आपण निर्धास्त होतो, आणि घात तिथेच होतो, कारण बिनधुराच्या निखाऱ्यातूनही हा वायू येतच राहतो. रक्तातील हिमोग्लोबिनला तो प्राणवायूपेक्षा दोनशेपटीहून अधिक घट्ट चिकटतो. डोके दुखणे, चक्कर, मळमळ, पायातील बळ जाणे ही सुरुवातीची लक्षणे. दारू घेतलेली असली तर ती नशेतच खपून जातात. झोपलेल्या माणसाला तेवढीही सूचना मिळत नाही. खोलीत पाण्याची बादली ठेवली की वायू शोषला जातो हा समज चुकीचा आहे.

करोनानंतर पुष्कळ घरांत बोटाला लावायचे ऑक्सिमीटर आले आहे. या विषबाधेत त्यावर विसंबू नये. साधे ऑक्सिमीटर वायू चिकटलेल्या हिमोग्लोबिनलाही प्राणवायूचेच समजते आणि माणूस अत्यवस्थ असताना ९८ दाखवते.

एकाच खोलीतल्या अनेकांना एकदम असा त्रास झाला तर दारे-खिडक्या उघडून सर्वांना बाहेर मोकळ्या हवेत आणावे, १०८ ला फोन करावा व निखाऱ्यांबद्दल आवर्जून सांगावे. बाहेर आल्यावर बरे वाटले तरी दवाखाना टाळू नये. साध्या हवेत रक्तातील या वायूचे प्रमाण निम्म्यावर यायला चार-पाच तास लागतात, शुद्ध प्राणवायू दिल्यास तास-दीड तास. विसराळूपणा, चालण्यात बदल अशा तक्रारी काही आठवड्यांनीही उद्भवू शकतात. गर्भवतीच्या पोटातील बाळाला आईपेक्षा जास्त धोका असतो. तेव्हा शेगडी असो की पिंप, ते पत्र्याच्या शेडमध्ये, खोपीत, गाडीच्या डिकीत आणू नये. पाऊस आला तर मटण आत न्यावे, विस्तव बाहेर राहू द्यावा.

कर्करोगाबद्दल लोक विचारतात, म्हणून थोडे सांगतो. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने २०१५ साली मीठ लावून, धुरी देऊन टिकवलेले मांस कर्करोगकारक ठरवले. रोज ५० ग्रॅममागे आतड्याच्या कर्करोगाचा धोका सुमारे १८ टक्क्यांनी वाढतो असे सांगितले. ताजे तांबडे मांस ‘बहुधा कारक’ या गटात आहे, आणि मटण त्यातच येते. वर्षातून चार-दोनदा धुरावरचे मटण खाणाऱ्याने झोप उडवून घेण्याचे कारण नाही. चरबी निखाऱ्यावर ठिबकून उठणारा धूर व काळा पडलेला भाग यांत घातक द्रव्ये अधिक असतात, म्हणून निखारे एका बाजूला व मटण दुसऱ्या बाजूला ठेवावे, झाकण लावून मंद आचेवर शिजवावे आणि करपलेले कापून टाकावे. दम्याच्या रुग्णाने, तसेच वर्षानुवर्षे चुलीपुढे बसून छाती भरलेल्या बायांनी त्या धुराजवळ राखण करीत बसू नये.

कार्यक्रम आटोपल्यावर निखाऱ्यांवर भरपूर पाणी ओतावे. राखेखालचा निखारा सकाळपर्यंत जिवंत राहतो आणि अनवाणी मुलांचे पाय त्यात पडतात. भाजलेच तर २० मिनिटे वाहत्या गार पाण्याखाली धरावे. टूथपेस्ट, शाई किंवा हळद लावू नये, फोड फोडू नयेत. तळहाताहून मोठी जखम, किंवा चेहरा, सांधे व गुप्तांगावरची कोणतीही जखम त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवावी.